चिखलातले बुडबुडे : मिथेन वायू, नल्लकुंट्याचा नाला आणि आपला तलाव



येत्या सर्वसाधारण सभेत जलपर्णी आणि गाळ काढण्याच्या खर्चाचा विषय ठेवला आहे. काही सभासदांचं म्हणणं आहे की ठेक्याची रक्कम भरायची, बोटुकली आणायची, त्यात हा नवा खर्च कशाला? प्रश्न बरोबर आहे. त्याचं उत्तर सभेत पाच मिनिटांत देता येणार नाही, म्हणून इथे सविस्तर लिहितो. लेख थोडा लांब आहे. ज्यांना मोबाईलवर वाचायला जमत नाही त्यांना घरच्या लेकरांनी वाचून दाखवावा ही विनंती.

मागच्या महिन्यात मी हैदराबादला मोठ्या बहिणीकडे गेलो होतो. ती नल्लकुंट्याला राहते. काचीगुडा स्टेशनपासून जवळ, फीवर हॉस्पिटलचा भाग म्हटलं की कोणीही रिक्षावाला नेऊन सोडतो. सकाळी दाजींबरोबर दूध आणायला निघालो तर वाटेत नाला लागला. काळं पाणी, वर प्लास्टिक, आणि मधूनमधून बुडबुडे. एक फुटला की शेजारी दुसरा. मी थांबून बघत राहिलो. दाजी म्हणाले, "चला हो, ह्यात काय बघताय? हे तर रोजचंच आहे."

पण मला आपला तलाव आठवला. दोन वर्षांपूर्वीच्या उन्हाळ्यात मासे वर येऊन मेले, त्याच्या आधी आठ-दहा दिवस काठाला अगदी असेच बुडबुडे येत होते. आपण ते पाहिले होते. कुणी म्हणालं मासे खेळतायत, कुणी म्हणालं कासव असेल. तो प्रकार काय होता हे आपल्याला तेव्हा कळलं असतं तर निदान अर्धा माल आधीच काढून विकता आला असता.

नावात तळं, जागेवर नाला

तेलुगूत नल्ल म्हणजे काळा आणि कुंटा म्हणजे लहान तळं. म्हणजे नल्लकुंटा हे नावच काळ्या तळ्याचं आहे. आज तिथे घरं, दुकानं, क्लासेस, दवाखाने. हैदराबादेत अशी नावं जागोजागी आहेत. मासाब टँक म्हणतात, पण टँक दिसत नाही. हे शहर एके काळी तलावांचं होतं. १५६०च्या दशकात कुतुबशाहीत हुसेन सागर बांधला गेला. त्याचं जादा पाणी वाहून नेणारा नाला अशोकनगर, नल्लकुंटा, गोलनाका या बाजूने जाऊन मुशी नदीला मिळतो. तलाव भरला की पाणी सोडायला वाट हवी, म्हणून हा नाला. आता त्यात पावसाच्या पाण्याबरोबर वस्त्यांचं सांडपाणीही येतं.

तिथून जवळच, अंबरपेठला, बतुकम्मा कुंटा नावाचं तळं आहे. राडारोडा आणि झाडाझुडपांखाली ते जवळजवळ नाहीसं झालं होतं. २०२५ मध्ये ते खोदून पुन्हा मोकळं केलं, पाणी लागलं, आणि आता तिथे लोक फिरायला येतात. म्हणजे बुजलेलं तळंसुद्धा परत आणता येतं. आपलं तर अजून जिवंत आहे.

बुडबुड्यात असतं काय?

पाला, शेण, मेलेलं गवत, उरलेलं खाद्य, मैला, हे सगळं पाण्याच्या तळाशी जाऊन बसतं आणि कुजतं. हवा मिळाली तर एका प्रकारचे जीवाणू ते कुजवतात आणि कार्बन डायऑक्साइड तयार होतो. पण चिखलाच्या आत हवा पोचत नाही. तिथे दुसऱ्या जातीचे सूक्ष्म जीव काम करतात, ज्यांना ऑक्सिजन चालतच नाही. ते जो वायू सोडतात तो मिथेन.

हा वायू आपल्याला नवा नाही. गोबरगॅसच्या टाकीत हाच तयार होतो, त्यात निम्म्याहून जास्त मिथेन असतो. रिक्षाच्या सीएनजीत तर बहुतेक सगळा हाच. मिथेनला रंग नाही, वासही नाही. नाल्याला जो कुजक्या अंड्यासारखा वास येतो तो हायड्रोजन सल्फाइडचा. दोघे एकाच चिखलात तयार होतात, म्हणून एकत्र भेटतात.

गंमत म्हणजे हा वायू माणसाने पहिल्यांदा नीट ओळखला तोही तळ्याच्या काठावरच. इटलीत अलेस्सांद्रो व्होल्टा नावाचे शास्त्रज्ञ होते. बॅटरीवरचा व्होल्ट त्यांच्याच नावावरून आला. १७७६च्या नोव्हेंबरात ते माजोरे नावाच्या सरोवरात होडीने फिरत असताना त्यांनी काठीने तळचा चिखल ढवळला. बुडबुडे वर आले, ते त्यांनी बाटलीत धरले आणि पेटवून बघितले. निळसर ज्योत लागली. आपण होडी ढकलताना बांबू चिखलात रोवतो तेव्हा नेमकं हेच करतो, फक्त बाटली धरत नाही. आणि धरूही नका. पेटवून बघायचा उद्योग पोरांना करू देऊ नका.

मग मासे मिथेनने मेले का?

नाही. हे नीट समजून घ्या, कारण गावात उलटसुलट बोललं जातं. मिथेन माशाला विष नाही. मासे मेले ते पाण्यातला ऑक्सिजन संपल्यामुळे. पण मिथेनचा त्यात हात आहे, आणि तो असा.

चिखलातून वर येणारा थोडा मिथेन पाण्यातच विरघळतो. पाण्यात तो खाणारे जीवाणूही असतात. ते मिथेन खातात तेव्हा ऑक्सिजन वापरतात. हिशेब सोपा आहे : एक किलो मिथेन संपवायला चार किलो ऑक्सिजन लागतो. शिवाय कुजणारी जलपर्णी वेगळा ऑक्सिजन खाते, रात्री शेवाळही खातं, आणि मासे तर खातातच.

आता उन्हाळा धरा. २० अंश तापमानाच्या गोड्या पाण्यात एका लिटरला जास्तीत जास्त ९ मिलिग्रॅम ऑक्सिजन मावतो. पाणी ३० अंशांवर गेलं की साडेसातच मावतो. म्हणजे तापमान वाढलं की साठवणच कमी होते. त्याच वेळी गरम पाण्यात माशांची भूक वाढते, श्वास वाढतो, आणि चिखलातले जीवही जोमाने काम करतात. आवक कमी, खर्च जास्त. कटला, रोहू, मृगळ यांना लिटरला ५ मिलिग्रॅमच्या वर ऑक्सिजन असला की बरं वाटतं. ३च्या खाली गेला की ते खाणं सोडतात. त्याहून खाली गेला की पहाटे तोंड वर काढून उघडझाप करतात. पहाटेच का, तर रात्रभर ऊन नसतं, शेवाळ ऑक्सिजन बनवत नाही, फक्त खातं.

त्या वर्षी आपण काय केलं होतं? जलपर्णी कापली, चांगलं काम केलं, पण बाहेर न्यायला ट्रॅक्टर नव्हता म्हणून काठाच्या उथळ पाण्यातच ढीग लावून ठेवली. ती तिथेच कुजली. वरून गावाच्या गटाराचं पाणी येतच होतं. दोन दिवस ढगाळ, वारा नाही, आणि तिसऱ्या दिवशी पहाटे सगळा तलाव पांढरा. किती माल गेला तो हिशेब वहीत आहे, इथे परत लिहीत नाही. दोष दुसऱ्याला द्यायचा तर गटार आहेच. पण ढीग आपण लावला होता, आणि तो लावताना मीही तिथे उभा होतो.

तळ्यातला वायू आभाळात जातो तेव्हा

आतापर्यंत आपल्या तलावापुरतं झालं. आता जगाचं बघू, कारण दोन्ही गोष्टी जोडलेल्या आहेत.

उथळ पाण्यात बुडबुडा इतक्या लवकर वर येतो की जीवाणूंना तो खायला वेळच मिळत नाही. तो फुटतो आणि मिथेन हवेत जातो. हवेत गेल्यावर तो पांघरुणासारखं काम करतो. दिवसा तापलेली जमीन रात्री उष्णता बाहेर टाकते, ती हा वायू अडवून धरतो. कार्बन डायऑक्साइडही हेच करतो, पण मिथेन फार जोरकस आहे. २० वर्षांचा हिशेब धरला तर एक किलो मिथेन साधारण ८० किलो कार्बन डायऑक्साइडइतकी उष्णता अडवतो. १०० वर्षांचा धरला तर २७ ते ३० किलोइतकी.

आकडा कमी का होतो? कारण मिथेन हवेत फार टिकत नाही. दहा-बारा वर्षांत त्याचा बराचसा भाग विरून जातो. कार्बन डायऑक्साइड मात्र शेकडो वर्षं राहतो. हे लक्षात ठेवा, पुढे कामाला येईल.

कारखाने येण्याआधीच्या काळात, म्हणजे साधारण १७५०च्या सुमारास, हवेच्या एक अब्ज कणांत मिथेनचे ७२० ते ७३० कण होते. २०२४ मध्ये जगाची सरासरी १९४०च्या आसपास पोचली. अडीच पटीहून जास्त. १९९९ ते २००६ या काळात ही वाढ थांबल्यासारखी झाली होती. २००७ पासून पुन्हा सुरू झाली, आणि २०२० ते २०२२ या काळात तर फार वेगाने वाढली. तेव्हा जगाच्या उष्ण भागात पाऊस जास्त झाला, पाणथळ जागा जास्त दिवस भरलेल्या राहिल्या आणि त्यांच्या चिखलातून मिथेन जास्त निघाला, हे त्याचं एक मोठं कारण असल्याचं शास्त्रज्ञ सांगतात.

इथेच खरी काळजीची गोष्ट आहे. जग तापलं की चिखलातले जीव जास्त काम करतात, मिथेन जास्त निघतो, त्याने जग आणखी तापतं. कर्जावर व्याज आणि व्याजावर पुन्हा व्याज, तसा हा प्रकार. आजवर पृथ्वीचं तापमान जितकं वाढलं त्यात सुमारे अर्ध्या अंशाचा वाटा एकट्या मिथेनचा धरतात.

हैदराबादेत या वायूंवर लक्षही ठेवलं जातं. बालानगरला इस्रोचं राष्ट्रीय सुदूर संवेदन केंद्र आहे. त्यांच्या शादनगर येथील आवारात हवेतला कार्बन डायऑक्साइड आणि मिथेन यंत्राने मोजला गेला आहे. आणि समुद्रावरचे आपले बांधव ज्या संस्थेचा मासळी कुठे मिळेल याचा सल्ला वापरतात ती इन्कॉईसही हैदराबादलाच आहे. समुद्र शेकडो किलोमीटर लांब, पण त्याची खबर ह्या शहरातून निघते.

हा वायू सोडतं कोण?

जगात दर वर्षी निघणाऱ्या मिथेनपैकी साधारण ४० टक्के नैसर्गिक पाणथळ जागा वगैरेंतून येतो आणि ६० टक्के माणसाच्या कामांतून. माणसाच्या वाट्यात तीन मोठे भाग आहेत.

पहिला शेती. गाय, म्हैस, शेळी रवंथ करतात तेव्हा पोटात मिथेन होतो आणि ढेकरेतून बाहेर पडतो. भाताच्या खाचरात पाणी साचलेलं असतं, म्हणजे तेही एक तळंच.

दुसरा कोळसा, तेल आणि गॅस. कोळशाच्या थरात मिथेन अडकलेला असतो, खाण खोदली की सुटतो. तेलाच्या विहिरी आणि गॅसच्या पाईपलाईनींमधूनही गळती होते.

तिसरा कचरा आणि सांडपाणी. शहराचा ओला कचरा डोंगरासारखा रचला की आत हवा जात नाही, मग आत तेच होतं जे आपल्या चिखलात होतं. २०१६च्या जानेवारीत मुंबईच्या देवनार कचरा डेपोला मोठी आग लागली होती, तिचा धूर उपग्रहातून दिसला. अशा आगींना आतला मिथेन खतपाणी घालतो. २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात तर दिल्ली आणि मुंबईच्या कचरा डेपोंवरचा मिथेन थेट उपग्रहातून मोजला होता. हैदराबादचा डेपो जवाहरनगरला आहे. त्या डोंगरातून झिरपणारं काळं पाणी खालच्या मलकारम तलावात गेलं आणि तो तलाव नासला. तिथला जुना ढीग नंतर मातीने झाकला आणि कचऱ्यापासून वीज करण्याचा प्रकल्पही उभा राहिला. पण तलाव एकदा नासला की परत यायला किती काळ लागतो हे आपल्या धंद्यातल्या माणसाला सांगायला नको.

आता कुणी म्हणेल, म्हणजे आम्ही गरीब भोई जगाला तापवतोय का? तसं मुळीच नाही. खाणी, गॅसच्या विहिरी, शहरांचे कचऱ्याचे डोंगर यांच्यापुढे आपला तलाव म्हणजे काहीच नाही. २०२१ मध्ये ग्लासगोच्या परिषदेत अनेक देशांनी २०३० पर्यंत मिथेन ३० टक्के कमी करण्याची शपथ घेतली. भारत त्यात सामील झाला नाही, कारण आपल्याकडे जनावरं आणि भात हे लहान शेतकऱ्याचं पोट आहे. ही बाजूही खरी आहे.

पण नुकसान कुणाचं होतं तेही बघा. हवा एक अंशाने तापली की ती सुमारे ७ टक्के जास्त बाष्प धरते, म्हणून पाऊस पडतो तेव्हा धो धो पडतो. सांडव्यावरून पाणी गेलं की आपली बोटुकली खालच्या नदीत. आणि पाऊस ओढ देतो तेव्हा २०१६ आठवा, लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं होतं. तलावच कोरडा तर जाळं कुठे टाकणार? कोकणातल्या बांधवांनी २०२० चं निसर्ग वादळ सोसलं, लगेच पुढच्या वर्षी तौक्ते. प्रत्येक दुष्काळ आणि प्रत्येक वादळ मिथेनने आणलं असं म्हणणं चूक आहे. पण समुद्र आणि हवा तापल्यामुळे अशा गोष्टींचा जोर वाढतो, हे शास्त्रज्ञ सांगतात आणि आपणही बघतोय.

चांगली बातमी कोणती?

मघाशी म्हटलं होतं की मिथेन दहा-बारा वर्षांत विरतो, ते लक्षात ठेवा. त्याचा फायदा असा की आज सोडणं कमी केलं तर आपल्या हयातीतच फरक दिसेल, नातवंडांची वाट बघायला नको.

दुसरं म्हणजे हा वायू वाया घालवायची गरज नाही. तो जाळला की कामाला येतो. एक किलो मिथेन जळला की पावणेतीन किलो कार्बन डायऑक्साइड होतो. तोच न जाळता सोडला तर ८० किलोइतका त्रास. म्हणून गोबरगॅस हा दोन्ही बाजूंनी फायद्याचा. हैदराबादच्या बोवेनपल्ली भाजी मंडईत रोजच्या दहा टन सडक्या भाज्यांपासून गॅस आणि त्यातून रोज सुमारे ५०० युनिट वीज तयार होते. तंत्र तिथल्याच रासायनिक तंत्रज्ञान संस्थेचं. इंदूरला २०२२ मध्ये रोज ५५० टन ओला कचरा घेणारा मोठा प्रकल्प सुरू झाला, त्यातून वाहनांसाठी गॅस निघतो. भातातही पाणी कायम भरून न ठेवता मधून मधून आटू दिलं तर मिथेन बराच कमी होतो आणि पाणीही वाचतं.

आपण काय करायचं?

आता सभेच्या विषयावर येतो. माझ्या समजुतीप्रमाणे पुढची कामं करावीत.

१. जलपर्णी काढली की त्याच दिवशी पाण्याबाहेर न्यायची. काठावर उंच जागी पातळ थर लावून वाळवायची, मग शेणमातीबरोबर खत करायचं आणि ढीग अधूनमधून उलटायचा. हवा लागली की मिथेन होत नाही आणि खत विकता येतं. ट्रॅक्टरचं भाडं हाच यातला मुख्य खर्च आहे.

२. उन्हाळ्यात पाणी खाली गेलं की काठाचा गाळ काढायचा. 'गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार' ही राज्याची योजना २०१७ पासून आहे. शेतकऱ्यांना गाळ हवाच असतो. तलावाची खोली वाढेल, तळाची घाण कमी होईल.

३. एप्रिल-मेमध्ये ताजं शेण आणि जास्त खाद्य टाकणं बंद. मासे खातील तेवढंच खाद्य. उरलेलं तळाशी जाऊन आपल्याच विरुद्ध काम करतं.

४. मासळी साफ केल्यावर निघणारी आतडी, खवले पाण्यात टाकायची नाहीत. बाजाराच्या जागेजवळ खड्डा करू, किंवा ज्यांच्याकडे गोबरगॅस आहे त्यांच्याशी बोलू.

५. गटाराचं पाणी थेट तलावात न येता आधी एका खड्ड्यात थांबून मग यावं, यासाठी आपण लेखी अर्ज देऊ. तोंडी सांगून झालं, आता सगळ्या सभासदांच्या सह्यांचा कागद हवा.

६. रोज पहाटे पाळीने एका माणसाने तलावाला चक्कर मारायची. काठाला नेहमीपेक्षा जास्त बुडबुडे, काळसर पाणी, कुजका वास, मासे तोंड वर काढतायत, यातलं काही दिसलं की लगेच फोन. पंप लावून पाणी हवेत उडवलं तरी रात्र निभावते. आणि वेळीच कळलं तर मोठा माल आदल्या दिवशी काढता येतो.

एक सुरक्षेची गोष्ट. बंद चेंबर, जुनी विहीर, गोबरगॅसची रिकामी टाकी, सेप्टिक टँक यांत कुणीही उतरू नका, उतरलेल्याला काढायला दुसऱ्यानेही उतरू नका. असे वायू हवा बाजूला सारतात आणि माणूस आत गेल्या गेल्या पडतो. दर वर्षी कुठे ना कुठे अशी बातमी येते.

नल्लकुंट्याहून निघताना ताईला म्हटलं, "तुमच्या नावातलं तळं कुठे होतं गं?" ती म्हणाली, "आम्ही आलो तेव्हाही नव्हतं. नावच तेवढं राहिलंय." परतीच्या गाडीत ते वाक्य डोक्यातून गेलं नाही. आपल्या गावाचं तसं व्हायला नको. आज आपल्याकडे तलाव आहे, जाळी आहेत, होड्या आहेत, आणि संस्थेत सह्या करणारी माणसं आहेत.

सभेला सगळ्यांनी यावं. खर्चाचा अंदाज आणि दोन ट्रॅक्टरवाल्यांचे दर मी घेऊन येतो. ज्यांना पटत नाही त्यांनी तर नक्कीच यावं, समोर बसून बोलू. महिला सभासदांनीही यावं, कारण बाजारात मासळी त्या विकतात आणि मेलेल्या माशाचा भाव काय मिळतो हे त्यांच्याइतकं कुणाला माहीत नाही.

आपला,
सचिव